अप्पांची थांबायची जागा

१८ ऑगस्ट ९६, रवि.

गणपतीतल्या नाटकाची पात्रं ठरली. मी नेहमीप्रमाणे प्रॉम्प्टर. इथल्या मराठी मंडळात वीस वर्षं आहे, रंगमंचावर एकदाच उभा राहिलो, भालदार म्हणून, तर भाला झालरीत अडकला. विंगेत बसून दुसऱ्याच्या चुका पकडणं मात्र जमतं. फॅक्टरीत क्वालिटीमध्ये पोटासाठी तेच करतो.

नवीन म्हणजे अप्पांना काम मिळालं. दिग्दर्शक निखिल, पुण्याहून आलेला सॉफ्टवेअरवाला पोरगा. "काका, तुमचे सासरे प्रोफेशनल अ‍ॅक्टर होते आणि तुम्ही आत्ता सांगताय?" मी कुठे सांगितलं होतं, शुभाने सांगितलं.

सासूबाई गेल्यापासून, म्हणजे दोन वर्षं, अप्पा आमच्याकडे. वय एक्क्याऐंशी. शुभाला भाऊ नाही. मुलीच्या घरी राहायचं म्हणून इतके जपून वागतात की आपणच कानकोंडे होतो. चहा गार झाला तरी गरम करून मागत नाहीत. मला अजून 'जावईबापू' आणि 'तुम्ही'.

२५ ऑगस्ट

स्मरणिकेसाठी अप्पांची माहिती लिहायला बसलो. अकराव्या वर्षी नाटक कंपनीत. आधी राजपुत्र, मग नायिकेची सखी. आवाज फुटला तेव्हा मालकांनी दाढी चिकटवली, म्हणाले, आजपासून तू दिवाणजी. वय सोळा. तिथून पुढे कायम म्हातारे. बोलपट आले, कंपनी बुडाली, कोल्हापूरला स्टुडिओत गेले. तिथेही कारकून, पुजारी, नवरीचा मामा, आणि 'आता सगळं देवाच्या हातात' म्हणणारा डॉक्टर.

"एकूण किती सिनेमे, अप्पा?"

"मोजले नाहीत. पडद्यावरच्या पाटीवर नाव दोनदा आलं. त्यात एकदा चुकीचं."

मग म्हणाले, "जन्मभर म्हातारे केले, जावईबापू. खरा म्हातारा झालो तर कुणी विचारेना." हसले. मीही हसलो. हे वाक्य स्मरणिकेत घालणार होतो. शु. म्हणाली नको, वाचून त्यांना वाईट वाटेल.

८ सप्टें., रवि.

तालीम. अप्पांचा एकच प्रवेश. घर सोडून गेलेला मुलगा बारा वर्षांनी दारात येतो, विचारतो, "ओळखलंत का मला?" बाप बघत राहतो आणि म्हणतो, "जेवलास का?" बाकी दोन-चार वाक्यं. पण सगळं नाटक त्या एका वाक्यावर उभं आहे.

अप्पा थांबले ते थांबलेच. निखिल ओरडला, "आजोबा, पेस पडतोय!" अप्पा म्हणाले, "म्हातारा माणूस बोलण्याआधी शोधतो हो. ते शोधणं लोकांना दिसू दे. एकदा बघा तर." पुन्हा केलं. निखिलने हातातलं स्क्रिप्ट खाली ठेवलं. शेजारी बसलेल्या अध्यक्षबाईंनी डोळ्यांना पदर लावला.

नंतर अप्पा माझ्याजवळ आले. "इथे मी थांबणार. मनात आठ मोजा. कदाचित जास्तही होतील, ते समोरच्या लोकांवर आहे. काही झालं तरी आवाज देऊ नका." माझ्या वहीत स्वतः पेन्सिलीने लिहिलं, 'थांबा'. लाइटवाला राजण्णा कन्नड, मराठी येत नाही, त्याला हातवारे करून समजावलं की हनुवटी वर गेली की उजेड वाढव. राजण्णा म्हणाला, "सरी, अज्जा," म्हणजे बरं, आजोबा. साठ वर्षांपूर्वीचा माणूस बघतोय असं वाटलं. घरी मांजरासारखे वावरणारे हेच का ते.

२२ सप्टें., रवि.

काल प्रयोग झाला. लिहायचं नव्हतं. लिहितो.

हॉल भरलेला. पहिला अंक झकास. मग अप्पांचा प्रवेश. "ओळखलंत का मला?" अप्पा वळले, थांबले. चिवड्याच्या पुड्यांची चुरचूरसुद्धा बंद झाली. मी मोजायला लागलो. सात, आठ. नऊ. मला त्यांचा चेहरा बाजूने दिसत होता, ओठ जरासे उघडे. दहा. कुणीतरी खोकलं. अकरा.

आणि माझ्या तोंडून गेलं, "जेवलास का?"

हळू नव्हे, चांगलं खणखणीत. विंगेजवळच्या माइकने उचललं. मागच्या रांगेत कुणीतरी फिसकन हसलं, मग सगळा हॉल. अप्पांनी वाक्य म्हटलं ते त्या हशातच. कुणाला ऐकू गेलं नसेल.

मेकअपच्या खोलीत निखिलने विचारलं, "आजोबा, ब्लँक झालात का?" अप्पांनी आधी माझ्याकडे पाहिलं. मी खाली बघितलं. वहीत बघितलं, खरं तर. मग ते म्हणाले, "हो. गेलं डोक्यातून. जावईबापूंनी सांभाळून घेतलं."

सगळ्यांनी माझी पाठ थोपटली. मी थोपटून घेतली.

२४ सप्टें.

आरतीला गेलो तर मंडळातले लोक अप्पांना विचारतात, "काय आजोबा, जेवलात का?" गंमत म्हणून. अप्पाही हसून "जेवलो, जेवलो" म्हणतात. उद्यापासून आरतीला नेणार नाही.

परवा एक गोष्ट लिहिली नाही. अकरा मोजताना मी घाबरलो होतो, हे खरं. पण त्याच क्षणी मनात 'सापडले!' असंही आलं. मापाच्या गेजमध्ये बसत नाही असा सुटा भाग, जॉब, हाती लागला की येतं, अगदी तसं. दोन वर्षं माझ्या घरात या माणसाचं एकदाही काही चुकलेलं नाही. चुकावं अशी वाट बघत होतो की काय मी? कशासाठी? लाज वाटते.

आणि त्यांनी आळ स्वतःवर का घेतला? जावई म्हणून. त्याच्या घरी राहतो म्हणून. दुसरा कुणी प्रॉम्प्टर असता तर तिथल्या तिथे झाडला असता.

२९ सप्टें., रवि.

मंडळाची मीटिंग. हुबळीच्या मंडळाने नोव्हेंबरात हाच प्रयोग बोलावलाय. अप्पांच्या जागी बँकेतले जोशी.

निखिल: "काका, आजोबांना हर्ट करायचं नाहीये. पण बाहेरगावी रिस्क नको ना. तुम्हाला तर माहितीच आहे."

मला तर माहितीच होतं. अध्यक्षबाई म्हणाल्या, वय आहे, चालायचंच, कुणाची हरकत नाही ना? मी घसा खाकरला. त्यांनी माझ्याकडे पाहिलं. मी पाणी मागितलं.

घरी सांगायचं कामही माझ्याकडेच. अप्पा म्हणाले, "योग्य केलंत." थोड्या वेळाने, "जोशींना म्हणावं, काठी डाव्या हातात धरा. उजवा हात मुलाच्या खांद्यासाठी मोकळा लागतो."

६ ऑक्टो.

अप्पा बदलले. कडी लावली की परत जाऊन बघतात. सकाळी मला विचारलं, "मी काल गोळी घेतली का हो?" घेतली होती. आंघोळीच्या वेळी आतून जुनी भाषणं ऐकू येतात. मध्येच थांबतात, परत पहिल्यापासून. काल एक भाषण चारदा सुरू केलं.

शु. घाबरली. डॉक्टरांकडे नेलं. ते म्हणाले, "एज आहे, स्वल्प विसरणं होतंच. लक्ष ठेवा." शु.ने लक्ष ठेवायला सुरुवात केली. अप्पा रोज एकटे बसने मल्लेश्वरमला जायचे, लायब्ररीत मराठी पेपर वाचायला. ते बंद. गॅस पेटवायचा नाही. बाथरूमला आतून कडी नाही. अप्पा प्रत्येक गोष्टीला "सरी" म्हणतात. दोन वर्षांत कन्नडमधला हा एक शब्द शिकले, तो आता सारखा लागतो.

शु. रात्रंदिवस बापाच्या मागे. मी तिला अजून सांगितलेलं नाही. रोज ठरवतो आज सांगू, आणि जेवताना ती म्हणते, "नशीब तुम्ही विंगेत होतात." मग मी आणखी आमटी मागतो.

१० ऑक्टो., गुरु.

पीण्या इंडस्ट्रियल एरियात, पार्ट पुरवणाऱ्या व्हेंडरकडे तपासणीला गेलो होतो. शेजारच्या शेडमध्ये राजण्णा. दिवसा मोटर वाइंडिंग करतो, ठाऊक नव्हतं. हात पुसत बाहेर आला. "अज्जा कैसा है सार?" म्हटलं, बरे आहेत, वय झालं, विसरतात.

तो माझ्याकडे बघतच राहिला. "अज्जा भूला नहीं सार. मैं पूरा देखा. आँख चालू था. ठोडी ऊपर आ रहा था, मैं लाइट को हाथ डाला, उतने में कोई चिल्लाया."

'कोई' कोण ते त्याला माहीत नसावं. किंवा असेल. चहा पाजला त्याने. व्हेंडरचे तीन जॉब नापास करून आलो. त्यातला एक बहुतेक ठीक होता.

१९ ऑक्टो., शनि.

सांगितलं.

शु. भाजीला गेली होती. अप्पा गॅलरीत लसूण सोलत बसले होते, सुरी न घेता, नखांनी. (सुरी पण बंद.) मी समोर बसलो आणि एका दमात बोललो. अप्पा, तुम्ही विसरला नव्हतात. तुम्ही ठरल्याप्रमाणे थांबला होतात. मी घाई केली, चूक माझी आहे, आणि महिनाभर मी मूग गिळून बसलो. वही पुढे केली. 'थांबा' दाखवलं.

त्यांनी चष्मा लावून बघितलं. "थांबायचं होतं, हे खरं," म्हणाले. मग लसणाचं ताट खाली ठेवलं आणि माझा हात हातात घेतला. इतक्या वर्षांत पहिल्यांदा.

"फार मोठ्या मनाचे आहात हो तुम्ही."

"मोठं मन कसलं, खरं तेच सांगतोय."

"आमच्या कंपनीत रीतच होती," अप्पा म्हणाले. "मोठा नट उतारवयात अडखळला, की पडदा पडल्यावर प्रॉम्प्टरने जाऊन त्याचे पाय धरायचे. म्हणायचं, बुवा, तुमचं बरोबर होतं, मीच आवाज आधी दिला. मी सहा महिने प्रॉम्प्टर होतो, मीसुद्धा गेलोय. चूक त्यांचीच होती. पण म्हातारा माझ्या खांद्यावर रडला, आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा उभा राहिला. तुम्हाला कुणी शिकवलं हे?"

कुणी नाही शिकवलं, म्हटलं. राजण्णालाही दिसलं होतं, त्याला विचारा. तर हसले. "त्यालाही सांगून ठेवलंत वाटतं."

मला रडूच यायचं बाकी होतं. म्हटलं, मग त्या दिवशी मेकअपच्या खोलीत माझ्याकडे का पाहिलंत? मला पाठीशी घालायचं ठरवलंत म्हणूनच ना?

"छे हो. विचारत होतो तुम्हाला. तुमचा आवाज आला आणि माझं मलाच कळेना, मी थांबलो होतो की विसरलो होतो. वही तुमच्या हातात. तुम्हाला माहीत असणार. तुम्ही खाली बघितलंत, तेव्हा समजलो."

लसूण परत सोलायला घेतला. मी वही मिटली. म्हणजे त्यांनी आळ घेतला नव्हता. त्यांनी मला विचारलं होतं आणि मी उत्तर दिलं होतं.

२० ऑक्टो., रवि.

सकाळी शु. म्हणाली, "अप्पांना काल काय सांगितलंत? डोळे पुसत होते. म्हणाले, नवरा सोन्यासारखा आहे तुझा."

तिला सगळं सांगितलं. मोजलेले आकडे, माइक, राजण्णा, 'सापडले' सुद्धा. ती ओट्याला टेकून ऐकत होती. मला वाटलं, आता चिडेल. चिडली असती तर बरं झालं असतं.

"महिनाभर का नाही सांगितलंत मग?"

"भीती वाटली."

"काल अप्पांना सांगितलंत आणि आज मला." थांबली. "माझी पण समजूत काढताय ना? खरं सांगा, मी काही मोडून पडणार नाही. विसरले होते ना ते?"

"नाही."

"बरं," म्हणाली. जशी अप्पांशी हल्ली बोलते, तशी. मग गॅस बारीक करून आतून एक कार्ड आणलं. अप्पांच्या खिशात ठेवायला. नाव, क्वार्टरचा नंबर, आपला फोन, मराठीत लिहून झालं होतं. कुणी रस्त्यात भेटलं तर मराठी कोण वाचणार, म्हणून खाली कन्नडमध्ये हवं होतं. तिला लिहिता येत नाही, मला येतं.

पेन माझ्यापुढे धरलं. मी लिहून दिलं.