चिमी प्याद्याच्या उडीची तजवीज

मी, चारुशीला माधव पांढरीपांडे, बी. ए., वय वर्षे सत्तेचाळीस, मुलींच्या शाळेची मुख्याध्यापिका, राहणार धंतोली, नागपूर, पुढील मजकूर स्वहस्ते लिहीत आहे. उद्या सकाळी माझ्या पोटाची शस्त्रक्रिया आहे. बुद्धी शाबूत आहे. किंबहुना काल दुपारपासून ती इतकी तल्लख झाली आहे की लेखणी आवरत नाही. माझ्यावर कोणाचा दाब नाही. तसा दाब आणू शकेल असे मनुष्य या शहरात मला अद्याप भेटलेले नाही.

कलम १. राहते घर धाकटा बंधू विश्वनाथ, वकील, यास द्यावे. अट एवढीच की पुढच्या ओट्यावर अशील बसवू नयेत. ते भिंतीवर थुंकतात. पोस्टातील शिल्लक शाळेच्या ग्रंथालयास द्यावी व तीतून शब्दकोश घ्यावेत. कादंबऱ्या मुली आपणहून मिळवतात.

कलम २. माझ्या ‘लाल फौज, हिरवी फौज’ या बालकथेची चित्रे चितारओळीतील रुपराव यांनी पुन्हा काढावीत. त्यांनी विलायती पट पाहून हत्तीच्या जागी बुरूज काढला. मी विचारले तेव्हा म्हणाले, “काहून रागावून राहिल्या बाई? साहेबाच्या पटावर हत्ती असाच राह्यते.” साहेबाचा हत्ती बुरूज होऊन बसला असेल, माझा हत्ती जांभळे खातो. त्याला सोंड हवी.

कलम ३. आता मुख्य गोष्ट. या कथेत लाखेने रंगवलेल्या बुद्धिबळाच्या सोंगट्या जाग्या होतात. चिमी ही लाल घोड्यापुढची प्यादी. पवन नावाचा तो घोडा तिला वाऱ्याच्या गोष्टी सांगतो आणि तिसऱ्या अध्यायात मारला जातो. चिमी मात्र एकेक घर चालत त्याच्याच रांगेने पलीकडच्या शेवटच्या घरापर्यंत पोचते. संपूर्ण पुस्तकात मी आपल्या देशी खेळाचा एकही नियम मोडलेला नाही. हत्ती सरळ चालतो, म्हणून त्याला खोटे बोलता येत नाही. उंट तिरका, म्हणून त्याला खरे सांगता येत नाही. परंतु शेवटच्या घरात पोचल्यावर चिमीचे काय, येथे कथा दोन वर्षे अडून राहिली.

विश्वनाथ विलायती नियमाने खेळतो. तो म्हणाला, “ताई, मुलांना मिरवणूक लागते. तिला वजीर कर, अंबारीत बसव आणि संपव.” मी म्हणाले, “अंबारी तुझ्या अशिलांसाठी ठेव.”

काल सुमतीबाई भोयर समाचारास आल्या. या आमच्या शाळेत गणित शिकवतात. शिक्षिकांच्या खोलीतील टेबलावर खडूने आकडेमोड करतात, आणि डावात हरू लागल्या की पदराने सोंगटी पाडतात. त्यांच्याशी माझे कधी जमले नाही. तरी मी शेवटचा अध्याय अडला होता तिथपर्यंत वाचून दाखवला. त्या म्हणाल्या, “घोड्याच्या घरात शिरली, मंग वजीर काहून व्हईन वं चारुबाई? घोडीच व्हईन ना! अन् तिची उडी कुठं गेली?”

उडी! आपल्या खेळात घोड्याच्या घरी पोचलेले प्यादे घोडा होते आणि समोरच्याच्या खेळीसाठी न थांबता त्याच दमात अडीच घरांची उडी घेते. मी आनंदाने किंचाळले. सुमतीबाईंना वाटले, पोटात कळ आली. त्या डॉक्टरांना हाका मारीत अंगणात धावल्या.

सबब या कथेचे हस्तलिखित व सर्व हक्क सुमतीबाई भोयर यांचे. विश्वनाथ हरकत घेईल; त्याने खुशाल कोर्टात जावे. समोरच्या वकिलाने त्याला एवढेच विचारावे, “घोड्याच्या घरी पोचलेल्या प्याद्याचे तुमचे वडील काय करीत?” आम्हा दोघांना देशी खेळ बाबांनीच शिकवला; त्यांच्या नावाने त्याला खोटे बोलवणार नाही.

कलम ४. शेवट लिहिण्यास मी उरले नाही, तर तो येथे आहे तसाच छापावा, एक शब्दही न बदलता:

“चिमीने शेवटच्या घरात पाऊल टाकले. हिरव्या राजाने जांभई दिली. प्याद्यांना तो मोजत नसे. तोच तिच्या पायाखाली टाप वाजली. मग दुसरी. मानेवर आयाळ भुरभुरली. पवन सांगायचा, तो हाच वारा!

‘थांब!’ हिरवा वजीर ओरडला. ‘आता आमची खेळी!’

‘तुमची मागाहून,’ चिमी म्हणाली आणि उधळली.

राजालाही घोड्याची एक उडी मिळते, जन्मात एकदाच, आणि तीही पहिला शह बसण्याआधी. हिरव्या राजाने ती म्हातारपणासाठी जपून ठेवली होती. त्याला ती आठवली तेव्हा चिमी त्याला शह देत उतरली होती.”

कलम ५. मी उठले, तर हाच अध्याय विस्ताराने लिहीन. हक्क तरीही सुमतीबाईंचेच. न उठले, तर सोमवारी पहिल्या तासाला, हजेरीच्याही आधी, त्यांनी तो पाचवीच्या वर्गात मोठ्याने वाचावा. ‘मागाहून’ या शब्दावर थांबू नये. मुलींना श्वास घेऊ देऊ नये.

वाचून, तपासून, खाडाखोड न करता सही केली.

चारुशीला माधव पांढरीपांडे

आमच्यासमक्ष सही झाली:
१. दत्तोपंत काळीकर, डॉक्टर
२. यमुताई बोकारे, शेजारीण

नागपूर, मध्यप्रांत
शुक्रवार, ता. ५ फेब्रुवारी १९३७