हरकत आहे

टाउन्सव्हिल, ऑस्ट्रेलिया, ४ मार्च

ती. मामांस,
सा. न. वि. वि.

सुखरूप पोचले. तुम्ही बांधून दिलेला सुका मासा विमानतळावर काढून घेतला. तपासणाऱ्या बाईला वास सोसला नाही, मला तिची कीव आली. मामीच्या गुडघ्यांना आता कसं आहे?

आमचे साहेब खूश आहेत. मानेआबाच्या सभाघरात चटईवर बसून मी दोन तास समजावलं, की आमचं जहाज समुद्राच्या पाण्याचा बारीक फवारा वर उडवणार, त्यातल्या मिठाने ढग जास्त पांढरे होणार, ऊन परत फिरणार आणि खालचं प्रवाळ होरपळायचं थांबणार. शेवटी साहेबांनी विचारलं, कुणाची हरकत आहे का. सगळं सभाघर गप्प. मी अहवालात लिहिलं, 'हरकत नाही.' आता थोरल्या घराण्याची म्हणून तुमची तेवढी सही हवी. कागद सोबत आहे. पहिली चाचणी आपल्याच बेटावर, आईला केवढं वाटलं असतं.

माया आहे तशीच राहू द्या.
तुमची, रुता

तेमाओ, किरिबाटी, २३ मार्च

चि. रुतास,
अनेक आशीर्वाद.

तुझ्या गोळ्यांनी मामीचे गुडघे बरे झाले, म्हणजे ती पुन्हा माझ्या मागे लागायला मोकळी. कागद मिळाला. सही केलेली नाही. राग मानू नकोस.

पोरी, तू दहाव्या वर्षी इथून गेलीस, म्हणून विसरलीस. पाहुण्याच्या तोंडावर 'नको' म्हणणं आपल्यात असभ्य. सगळे गप्प बसतात, आणि पाहुण्याने समजून उठायचं असतं. हो म्हणायचं असतं तर एकेक जण पणजोबापासून सुरुवात करून बोलला असता, आणि साहेबाचं जेवण संध्याकाळवर गेलं असतं. तू त्या दिवशी ऐकलंस ते गावाचं 'नको' होतं. एवढं मोठं 'नको' मीही जन्मात ऐकलं नव्हतं.

मी पुस्तकं शिकलो नाही, ढग शिकलो. आपल्या बेटावरच्या ढगाचं पोट हिरवट असतं, आतल्या उथळ पाण्याची झाक पडते म्हणून. जमीन दिसायच्या कितीतरी आधी तो दिसतो. इंजिन बंद पडलं, रस्ता दाखवणारं ते चिमुकलं यंत्र भिजलं, की आम्ही त्याच्याकडे बघत घरी येतो. शेजारच्या म्हाताऱ्या तेरेतियाचे दोन्ही लेक गेल्या वर्षी तसेच परतले. तो ढग तुम्ही पांढराफटक केलात, तर त्यांनी कुणाकडे बघायचं?

वेळेवर जेवत जा, आणि आमच्यावर रुसलीस तरी लिहीत जा.
तुझा मामा, बाकोआ

टाउन्सव्हिल, ९ एप्रिल

ती. मामांस,
सा. न. वि. वि.

पत्र मिळालं. चूक माझी, कबूल. पण साहेब म्हणतात, अहवाल वर गेला, आता सही नुसती उपचाराची.

आणि मामा, तुमच्या बाबाई अळूच्या खड्ड्यात खारं पाणी शिरून कंद कुजले, ते मी डोळ्यांनी पाहिलं. आईची कबर तुम्ही दोनदा आत हलवलीत. खाली बेटच उरलं नाही, तर ढगाचं पोट हिरवं होणार कशाने? फवाऱ्याचा परिणाम दोन दिवसांच्या वर टिकत नाही म्हणतात. पाऊस हलेल का, असं मी विचारलं, तर म्हणाले, बहुधा नाही. सही करा. मी रागाने नाही, भीतीने लिहिते आहे.

तुमचीच, रुता

तेमाओ, २ मे

चि. रुतास,
अनेक आशीर्वाद.

तुझा प्रश्न रास्त आहे, आणि झोंबला. तीन दिवस होडी काढली नाही.

समुद्र चढतोय हे मला कुणी सांगायला नको, मी खड्ड्यातलं पाणी रोज चाखतो. ज्यांच्या धुराने तो चढला त्यांनी धूर कमी करावा. ते जड जातं म्हणून आमच्या आभाळाला चुना फासू नये. आजवर पाऊस हुकला तर आम्ही कुणाशी भांडलो नाही, टाकीतलं पाणी वाटून प्यायलो. उद्या टाकी कोरडी पडली, तर ते नशीब की तुमचं जहाज, हे कोण ठरवणार? साहेबाचं 'बहुधा' आम्ही टाकीत भरायचं का?

परवा मानेआबा पुन्हा भरलं. मी सांगितलं, या लोकांना आपलं गप्प बसणं ऐकू येत नाही, तेव्हा आज असभ्य व्हायचं. कुणाच्या तोंडून शब्द फुटेना. शेवटी तेरेतिया खांबाला धरून उठली आणि म्हणाली, 'नको.' मग दोन्ही हातांनी तोंड झाकून पोरीसारखी हसत बसली. त्यानंतर ओळच लागली. एकशे तीन जणांनी तोंडाने सांगितलं. नावं सोबत आहेत. कागदावर सहीही केली आहे, मात्र 'नाही' खोडून वर 'आहे' लिहून.

भीती वाटली तर इकडे ये. दोघं मिळून घाबरू.
तुझा मामा, बाकोआ

टाउन्सव्हिल, २६ मे

ती. मामांस,
सा. न. वि. वि.

एकशे तीन नावं मी बैठकीत मोठ्याने वाचली. साहेबांनी घड्याळ पाहिलं, तशी मी आणखी सावकाश वाचू लागले. त्यांनी विचारलं, मी कुणाच्या वतीने बोलते आहे. मी म्हटलं, जिने चुकीचं लिहिलं तिच्या. अहवालात दुरुस्ती केली. मला कामावरून काढलं. जहाज मात्र चौदा जूनला येणारच, त्यांच्या लेखी पहिला अहवाल खरा.

एक गोष्ट सहज लिहिते. फवारा उडवायचा तिथून दहा मैलांत एकही होडी असली, तर नळ्या उघडायच्या नाहीत, असा त्यांचाच नियम आहे. जागा बेटाच्या पश्चिमेला, ट्यूना लागतो तिथे.

मामीसाठी मलम पाठवलं आहे. आता मला वेळच वेळ आहे, तेव्हा लांबलचक लिहा.
तुमची, रुता

तेमाओ, ११ जून

चि. रुतास,
अनेक आशीर्वाद.

नोकरी गेल्याचं कळल्यावर मामी आधी रडली आणि मग शेजारी सांगत सुटली, आमची रुता अशी म्हणून.

चौदा तारखेला पश्चिमेला मासे फार असतात, हे गावात सगळ्यांना एकदमच आठवलं. एकवीस होड्या निघताहेत. भात, नारळ आणि चार दिवसांचं पाणी भरलंय. तेरेतिया छत्री घेऊन पहिल्या होडीत बसली आहे, ती आत्तापासूनच. आमचं कुणाशी भांडण नाही, आम्ही मासेमारीला चाललोय. किती वेळ लागेल असं जहाजावरून विचारलं, तर मासे लागेपर्यंत असं सांगायचं ठरलंय.

आम्ही आहोत तोवर आमची आहेस, हे विसरू नकोस.
तुझा मामा, बाकोआ

ता. क. आमिष कुणीच बरोबर घेतलेलं नाही.