मुराओकाचा वऱ्हाडी आवाज

प्रिय गजेंद्र,

हे पत्र माझ्या बाबांनी तुझ्या हातात दिलं असेल, तर आज रविवार आहे आणि संध्याकाळी खामगावच्या सत्कारात तुला मुराओकासमोर उभं राहायचंय. भाषण पाठ असेलच. पाठांतरात तू शाळेपासून पक्का.

ऐंशी ओलांडलेला तो जपानी नट एवढ्या लांब येतोय. सिनेमात त्यानं रंगवलेला नोकर तुझ्या चॅनेलवर वऱ्हाडीत बोलतो आणि इथली गावंच्या गावं हसतात, हे कळल्यावर त्याला राहवलं नाही म्हणे. चेहरा मुराओकाचा, आवाज गजेंद्रचा, असं पेपरात छापून आलं होतं. ते कात्रण मी जपून ठेवलंय.

दुसरबीडला आमच्या घरी, भर मे महिन्यात, मी डोक्यावरून गोधडी घेऊन मोबाईलमध्ये बोलायचे, आवाज घुमू नये म्हणून. घामाच्या नुसत्या धारा. शाळेत माझ्या भसाड्या आवाजाला सगळे हसायचे. तूच म्हणालास, "सारिका, ह्या आवाजात म्हातारा बोलव, पाय मंग कशी मजा येते ते!" मालकाची लाथ खाऊन चिखलात बसलेला मुराओका "काऊन मारून राह्यले मालक, म्या तं अजून चहाबी नाई पेलो" म्हणाला, तो माझ्या तोंडून. ओळी माझ्या, आवाज माझा. तू तो पुरुषी वाटावा म्हणून कॉम्प्युटरवर जरासा खाली उतरवायचास आणि स्वतःच्या नावाच्या चॅनेलवर टाकायचास. तेव्हा मला त्यात काही वावगं वाटलं नाही. प्रेमात माणूस येडं होतं.

त्या म्हाताऱ्यासाठी मी पुण्याला जाऊन जपानी शिकले. त्याची गोष्ट तू कधी विचारली नाहीस. मासे विकणाऱ्याचा मुलगा. पहिल्या सिनेमात त्याला प्रेताचं काम होतं. ऐन रडारडीत प्रेत शिंकलं, आणि त्या एका शिंकेवर त्याला पुढे साठ वर्षं काम मिळालं. पण शिंकायची कल्पना रंगभूषा करणाऱ्या एका म्हातारीची होती, म्हणून प्रत्येक सत्कारात तो आधी तिचं नाव घेतो. आणि तू? मुलाखतीत माझ्याबद्दल विचारलं तर म्हणालास, "सारिका टायपिंग करत जाय."

तुझ्या आईनं, आशाबाईंनी, मला अंगणातच वेगळ्या कपात चहा दिला. तू मान खाली घालून काजलशी लग्न केलंस. तेही मी गिळलं. टायपिंग मात्र घशाखाली उतरलं नाही.

गेल्या महिन्यात तुझा फोन आला. जपानी येतं अशी थाप मारून बसला होतास, आणि आता जपानीत बोलायची वेळ आली होती. "एवढं शेवटचं कर वं, माही इज्जत तुह्या हातात हाये." मी लगेच हो म्हटलं आणि जपानी भाषण देवनागरी अक्षरांत लिहून पाठवलं. अर्थ काय, हे तू एकदाही विचारलं नाहीस.

आता सांगते. तू पाठ केलंयस ते असं: "मुराओकासाहेब, मला जपानी येत नाही. तुमचा आवाज मी कधीच काढला नाही. तो सारिका देवानंद इंगळे हिचा आहे. मी तो चोरला." न कळता बोलला असतास, तर सारिकानं फसवलं म्हणत सुटला असतास. तसं सुटणं मला तुला द्यायचं नाही, म्हणून हे पत्र. तू समजून उमजून बोलायला हवंस. दुसरं भाषण शिकायला वेळ उरलेला नाही, आणि मराठीत बोललास तर थाप उघडी पडेल. त्याच्या दुभाषीला गाठून काही जमवावं, असं मनात आलं असेल. ती मीच आहे. दुपारी त्याला घेऊन शेगाव स्टेशनवर उतरतेय. तू बोलशील ते मी माइकवर मराठीत सांगीन, एक शब्द कमी नाही, एक जास्त नाही. आणि गप्प बसलास, तर का गप्प बसलास हे मी त्याला जपानीत सांगीन आणि लोकांना वऱ्हाडीत.

तुझीच, आजच्या संध्याकाळपुरती,
सारिका