शिवऱ्याच्या दोन खोल्या

३ जून २००१, रविवार
फिरोजच्या कॉलेजच्या वह्यांतली कोरी पानं शिवून ही वही केली. खर्च, दोरा. तोही घरचा.

शिवऱ्याच्या बिल्डर शेठनं आम्ही घरासाठी भरलेली ठेव चार वर्षांनी परत केली. मुद्दल तेवढं. जागेवर एक वीटही लागली नाही, पण माणूस वाईट नाही. चेक वटला.

किराणावाले गोरखभाऊ आले होते. त्यांनीही ठेव भरली होती. म्हणाले, आपण नऊ जण ग्राहक मंचात जाऊ, चार वर्षांचं व्याज मागू. मी म्हटलं, आमच्यात व्याज चालत नाही, मला घरच पाहिजे. ते म्हणाले, जाहिदाभाभी, आजच्या भावात ह्या मुद्दलात न्हाणीघर येतंय बघा. गोरखभाऊंना कशातच चांगलं दिसत नाही.

अर्जावर सही केली. आठ जण एकीकडे आणि आपण एकीकडे, बरं दिसत नाही.

घर फिरोजसाठी. लग्न झाल्यापासून तो आणि सबिहा पुण्यात भाड्यानं राहतात. भोरच्या आमच्या एका खोलीत चौघं मावणार कशी? दोन खोल्या झाल्या की येतील. त्याला अजून विचारलं नाही. पोटच्या पोराला काय विचारायचं?

१९ जुलै
आमचे हे टेम्पो लावून आले ते बातमी घेऊनच. सारोळ्यात दोन तयार खोल्या आहेत. मुद्दल आणि मंचातून येईल ते व्याज मिळून बसेल. मी म्हटलं, व्याजाचं नाव काढू नका. म्हणाले, व्याज नको म्हणू, चार वर्षं आपला पैसा वापरला त्याचं भाडं म्हण. मी म्हटलं, गाढवाला घोडा म्हटलं तर टांगा ओढतंय का? ते म्हणाले, बरं बाई, मग बस तसबीचे मणी ओढत, मी हितलं भाडं भरत बसतो.

अर्धी भाकरी ताटात ठेवून उठले. आमटीत मीठ जास्त झालं असावं.

२२ नोव्हेंबर, रमजान
आज शेठ स्वतः घरी आले! ऐन इफ्तारला, खजूर घेऊन. खजूर भारी होते, निम्मे उद्याला ठेवले.

शेठ म्हणाले, भाभी, नऊ जणांत ईमानदार तुम्ही एकट्या. व्याज तुम्हाला हराम, मला काय माहीत नाही? तेवढं लिहून द्या. नव्या स्कीममध्ये पहिल्या दोन जागा तुमच्या, जुन्या भावात.

हे म्हणाले, शेठ, हे पण लिहून द्या की. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. रोजा सोडायला आपल्या दस्तरखानावर बसलेल्या माणसाकडं कागद मागायचा? शेठ हसून म्हणाले, रफीकभाई, जबान दिली.

मी लिहून दिलं. अक्षर माझं मॅट्रिकपासून वळणदार. शेठनी तारीफ केली.

हे नमाजाला गेले ते फार उशिरा आले. तरावीह लांबली असेल.

१७ डिसेंबर, ईद
फिरोज-सबिहा दुपारी आले, दिवे लागायच्या आत गेले. घराचं सांगितलं. फिरोज म्हणाला, बघू अम्मी. म्हणजे खूश झाला. लहानपणापासून त्याला आनंद दाखवता येत नाही. सबिहानं शीरखुर्मा उंबऱ्यावर बसून खाल्ला, आत जागाच नव्हती. पोरगी चकार शब्द बोलली नाही. गुणाची आहे.

११ मार्च २००२
मंचाचा निकाल लागला. आठ जणांना व्याज. आमच्या नावापुढं, तक्रारदाराने व्याज लेखी सोडले आहे. गोरखभाऊ म्हणाले, भाभी, शेठच्या वकिलानं तुमचा कागद साहेबांना दाखवला, अक्षर लई झ्याक म्हणाले.

टोमणा होता, हे भाकरी थापताना कळलं.

असू दे. ईमान राखलं. आता शेठ राखतील.

२ एप्रिल
शेठच्या ऑफिसात गेले. दोन तास बसवलं, कामाचा माणूस. नव्या स्कीममध्ये घरं नाहीत, दुकानाचे गाळे आहेत. शेठ म्हणाले, जागा म्हणालो होतो भाभी, पहिले दोन गाळे घ्या. भाव मात्र आजचा.

परतताना विचार केला. गाळ्यातही राहता येईल. पुढं शटर म्हणजे चोराची भीती नाही. हवा मोकळी. ह्यांना सांगितलं तर हसायलाच लागले. हसता हसता डोळे पुसले. पुष्कळ दिवसांनी हसले, पसंत असावं.

९ एप्रिल
फिरोजला बूथवरून फोन केला, कॉल स्वस्त होतो त्या वेळेला. व्याज सोडल्याचं सांगितलं. मीटर पळत होतं. मग म्हणाला, अम्मी, ते पैसे आले असते तर मला हातभार झाला असता. बँकेचं कर्ज काढून कोंढव्यात फ्लॅट घेतलाय. नव्या घराची कुराणखानी ठेवू तेव्हा या.

आधी बोलला नाही. सरप्राइज द्यायचं असेल.

मी व्याज घेतलं नाही. आता पोरगा वीस वर्षं बँकेला भरणार. अल्लाह माफ करो. पण दोन खोल्या आहेत म्हणाला. दुसरी कुणासाठी, हे काय सांगायला पाहिजे?

१७ मे, शुक्रवार
कोंढवा. घर चांगलं. फरशी इतकी गुळगुळीत की हे भिंतीला धरून चालले. दुसऱ्या खोलीत सबिहाच्या अम्मीचा पलंग. त्या मार्चपासूनच पोरांकडं आहेत, तब्येत बरी नसते. मला सलाम करून म्हणाल्या, या, बसा, आपलंच घर आहे.

फिरोजला गॅलरीत गाठलं. आज पहिल्यांदा विचारलं. म्हणाला, अम्मी, शिवऱ्याला यायचं आमचं कधीच नव्हतं. तुमी खूश होता, म्हणून बोललो नाही.

मी म्हटलं, हवा छान येते इथं.

ताटं उचलल्यावर सबिहानं अदबीनं विचारलं, अम्मी, परतीची यष्टी कितीची? मी म्हटलं, पाचची. मला माहीत नव्हतं पाचला आहे का.

माझी पिशवी कोपऱ्यात होती, रात्रीचे कपडे, नमाजाची जानमाज, ह्यांचा लेंगा घालून फुगलेली. सबिहाची अम्मी म्हणाल्या, एवढं काय आणलंय?

हे उठले, पिशवी उचलून खांद्याला लावली आणि म्हणाले, टेम्पोचं सामान आहे.