पाकोळीचं लाल पाकीट

मँचेस्टर, २ मार्च १९८३

ती. ताईस,
तुंगचा शि. सा. न. वि. वि.

नववर्षाचं तुझं पत्र मिळालं. पाकीट फोडलं आणि आतून दुसरं लाल पाकीट खाली पडलं, तेव्हा अख्खा भटारखाना कढया सोडून माझ्याभोवती जमला. ताई, खरं सांग, तू गुपचूप लग्न केलंस का? आमचे मुख्य आचारी बिंगकाका म्हणतात की नववर्षाला शकुनाचे पैसे घालून लाल पाकीट देणार ती लग्न झालेली माणसं, बिनलग्नाच्या बहिणीने भावाला पाकीट पाठवलेलं त्यांनी उभ्या जन्मात पाहिलं नाही, तेव्हा मेहुण्याचं नाव सांग नाहीतर आज कोळंबी तूच सोल. मी सोलली. मेहुणा असता तर बरं झालं असतं.

ते लाल पाकीट फोडलं नाही. आत एक नाणं आहे हे हाताला लागतं. बिछान्याच्या वर भिंतीला चिकटवलंय, शकुनाचं म्हणून.

इथे मंगळवारी हॉटेल बंद असतं. त्या दिवशी दुपारी लुकमावशींच्या वाण्याच्या दुकानातून तुझ्या मालिकेच्या कॅसेट भाड्याने आणतात. त्यात तू अजून धक्क्यावर माशाचे गोळे विकतेस, आणि बोटमालकाचे दोन्ही मुलगे तुझ्या गाडीवर उगाच खात उभे असतात. इथे तुला लाई-क्वान कुणी म्हणत नाही, सगळे पाकोळीच म्हणतात. मालिकेत तुला ते नाव कुणी ठेवलं? तू तर घरात पाय आपटत चालायचीस. लुकमावशींची मुलगी तुझ्यासारखा वेणीत लाल दोरा बांधते. मला सगळे पाकोळीचा भाऊ म्हणतात, जेवताना बदकाचा मांसल तुकडा देतात, आणि मग म्हणतात की भावाच्या तोंडावर बहिणीचं काहीच उतरलेलं नाही.

माझं इथे मन लागत नाही. रॉटरडॅमला जावं म्हणतो, नाहीतर बोटीवर. दोन पत्रं झाली, शेवटी आईच्या दोन ओळी नाहीत. तू लिहून घ्यायला विसरतेस की ती सांगायला विसरते?

माया आहे ती राहू दे, वाढली तर नको म्हणणार नाही.
तुझा तुंग

---

शाम शुई पो, हाँगकाँग, २४ मार्च १९८३

चि. तुंग यास,
अ. उ. आ.

बिंगकाकांना सांग की लग्न वगैरे काही नाही. नवरा मिळाला असता तर पहिल्यांदा त्याला तुझ्याकडे कोळंबी सोलायला पाठवला असता. ते पाकीट मला स्टुडिओत मिळालं होतं. तुला तिथे कोण देणार, म्हणून पत्रात टाकलं. एवढीच गोष्ट, तिचं नाटक करू नका.

मी सध्या घरीच असते. मासिकांत काय काय छापून येईल, त्यातलं निम्मं खरं समज. कुठलं निम्मं ते मला विचारू नको. खाली उतरले की गोळेवाला पैसे घेत नाही, उलट चव बरोबर आहे का म्हणून मलाच विचारतो. मी आयुष्यात गोळे केले नाहीत रे, कॅमेऱ्यापुढे नुसते ढवळले.

आई बरी आहे. रोज जेवताना पहिला वाडगा माझ्या नावाने वाढते. तिचे डोळे दुखतात म्हणून तिच्या ओळी नाहीत. तू रॉटरडॅमला जाऊ नकोस. एका जागी बूड टेक.

पत्राला उशीर झाला तरी राग धरू नये.
तुझी ताई

---

मँचेस्टर, ९ जून १९८३

ती. ताईस,
शि. सा. न. वि. वि.

माझं डोकं पार फिरलंय. या मंगळवारी तू मेलीस.

आम्हाला काहीच माहीत नव्हतं. तू बोटमालकाच्या धाकट्याला वाचवायला पाण्यात उडी मारलीस आणि पुढच्या कॅसेटमध्ये एकदम शवपेटी. लुकमावशींनी दुकान अर्धा दिवस बंद ठेवलं. बिंगकाका धुराने डोळे चुरचुरतात म्हणाले. शेगडी बंद होती. मग सगळे माझ्याकडे बघायला लागले. एका पोऱ्याने माझे दोन्ही हात धरून सांत्वन केलं. मी त्याला म्हटलं की अरे ती घरी आहे, मार्चचं तिचं पत्र आलंय. म्हटलं खरं, पण त्यानंतर पत्र कुठे आलंय? तुमच्याकडे हे कधीच दाखवून झालं असणार. मी इथे तुझ्या कितीतरी मागे आहे. तू कुठवर पोचलीस ते मला कळत नाही.

आणखी एक. शवपेटीपुढे काळी फीत लावलेला फोटो ठेवला होता, तो मी काढलेला. गच्चीवरचा, मागे वाळत घातलेल्या चादरी. तो आपल्या आरशाशेजारी असतो. तिथे कसा गेला?

आणि बिंगकाका डोळे पुसता पुसता बोलून गेले की बिचारीला लाल पाकीट दिलं असेल ना. मी विचारलं, कसलं? तर म्हणाले की नट खोटं मेला, तर त्याला लगेच लाल पाकीट द्यायचं असतं, आणि त्याने त्यातलं नाणं त्याच दिवशी मोडून काहीतरी गोड खायचं, म्हणजे मरण अंगाला चिकटत नाही. मग त्यांना माझी भिंत आठवली. उठून सरळ बाहेर गेले. आता माझ्या खोलीत पाय ठेवत नाहीत.

ताई, माझ्या भिंतीवरचं पाकीट ते आहे का? आणि आई का लिहीत नाही? यावेळी डोळ्यांचं सांगू नकोस.

लगेच लिही. बाकी मायेचं नंतर बघू.
तुंग

---

शाम शुई पो, २७ जून १९८३

चि. तुंग यास,
अ. उ. आ.

हो, तेच आहे. मरणाचं चित्रीकरण संपलं आणि दिग्दर्शकाच्या मदतनिसाने ते माझ्या हातात कोंबलं. आई घरी एकटी म्हणून मी धावत बसला गेले, गोड घ्यायचं राहिलं. पिशवीत कितीतरी दिवस पडून होतं. तुला लिहायला बसले तेव्हा सापडलं, लाल दिसलं, पत्रात टाकून दिलं. माझा अशा गोष्टींवर विश्वास नव्हता. आताही नाही, पण विश्वास नसून भागत नाही.

फोटो मीच दिला. सामान बघणाऱ्या माणसाला घाईने हवा होता. आईला सांगायचं राहिलं. आईचं विसरणं गेल्या उन्हाळ्यापासूनच चालू होतं. चुलीवर किटली ठेवायची आणि किटली शोधत बसायची. तुला कळवलं नाही, कारण तू सगळं सोडून पोहत आला असतास. माझं मरण दाखवलं त्या संध्याकाळी सगळी चाळ टीव्हीपुढे होती. आई पण. मी तिच्याच शेजारी बसून शेंगा सोलत होते. तिने शवपेटी पाहिली, आपल्या भिंतीवरचा फोटो काळ्या फितीत पाहिला, मग भिंतीवरची रिकामी जागा पाहिली. रडली नाही. दुसऱ्या दिवशी मासिकातला माझा फोटो कापून तिथे लावला आणि उदबत्ती पेटवली.

तेव्हापासून मी मेलेली आहे. पहिला वाडगा माझ्या नावाने वाढते म्हणून तुला लिहिलं होतं ना, तो फोटोपुढे जातो. मी समोर बसलेली असते. मला ती कामाला ठेवलेली मुलगी समजते. पोरी, केर नीट काढ म्हणते, आणि केर काढता काढता आपल्या मुलीच्या गोष्टी सांगते. मुलीचं कौतुक इतकं करते, की तोंडावर एवढं कधी केलं नव्हतं. एकच गोष्ट परत परत विचारते: तिने पाकीट मोडलं होतं का? जन्मभर नाटकमंडळीच्या कपडेपटात शिवणकाम केलेली बाई, तिला ते बरोबर आठवतं. मोडलं असतं तर घरी आली असती, असं म्हणते.

मालिकेवाल्यांना मी परत हवी आहे. पाकोळीची जुळी बहीण निघणार आहे म्हणे. काय करावं ते ठरत नाही. टीव्हीत दिसले तर आई मला ओळखते, घरात असले तर नाही. पण दिवसभर मी तिथे असले तर इथे तिच्याजवळ कोण?

पितरांचा सातवा महिना आला की ती माझ्यासाठी कागदी कपडे जाळणार आहे. आणूनही झाले. शिवण वाईट आहे म्हणून दुकानदाराला झापलं. पिशवी धरायला मला बरोबर ये म्हणते. तुंग, मला ते जमणार नाही. त्याआधी ते पाकीट मोड. काहीतरी गोड घे आणि आईला पाठव.

राग आला असेल तर आधी काम कर, मग राग काढ.
तुझी ताई

---

मँचेस्टर, १५ जुलै १९८३

ती. ताईस,
शि. सा. न. वि. वि.

रागावलोय, पण काम केलं. पाकीट फोडलं. हाँगकाँगचा एक डॉलर. तो मँचेस्टरमध्ये मोडायचा कसा, ते तू सांगितलं नाहीस. मिठाईवाल्या गोऱ्या म्हातारीने उलटसुलट करून बघितला आणि राणीचं तोंड बरोबर आहे पण पैसा आपला नाही म्हणून परत केला. बँकेतल्या माणसाने नाणी घेत नाही म्हणून सांगितलं. बिंगकाकांना त्यांच्या डब्यातली खडीसाखर मागितली, तर फुकट सगळा डबा देतो पण ते नाणं घेणार नाही म्हणाले. फुकट घेऊन काय उपयोग? मोडायचं होतं.

शेवटी लुकमावशींकडे गेलो आणि सगळं सांगितलं. आईचंसुद्धा. त्यांनी नाण्याकडे पाहिलं, गल्ल्यावरच्या तुझ्या फोटोकडे पाहिलं. मग विचारलं की पाकोळी खरंच जिवंत आहे ना. मी म्हटलं, माझी ताई जिवंत आहे. त्या म्हणाल्या, तसं नाही, पाकोळी. मी हो म्हटलं. त्यांनी नाणं उचलून गल्ल्यात टाकलं, खण बंद केला आणि साखरेतल्या कोहळ्याच्या फोडी बांधून दिल्या. एक फोड मी तिथेच खाल्ली. बाकीच्या विमानाने पाठवतोय.

मी खोटं बोललो की खरं, ते तूच ठरव.
तुंग

---

शाम शुई पो, २५ ऑगस्ट १९८३

चि. तुंग यास,
अ. उ. आ.

फोडी वेळेवर मिळाल्या. कुणी घेतल्या म्हणून आईने विचारलं. धाकट्या मुलाने, त्या पाकिटातल्या पैशाने, असं मी सांगितलं. बराच वेळ चघळत बसली. मग म्हणाली की त्या पोराचं सगळं उशिरा. तिला तू नावासकट आठवतोस, ऐकून सुखी हो. पण दुसऱ्या दिवशी पुन्हा मला केर काढायला सांगितलं.

मग कपडे जाळायची ती संध्याकाळ आली. चाळीखाली सगळ्यांनी पितरांसाठी डब्यांत जाळ पेटवले होते. मी कपड्यांची पिशवी धरून उभी होते. आईने कागदी झगा बाहेर काढला, माझ्या खांद्याला लावून पाहिला, जाळाच्या उजेडात माझं तोंड निरखलं, आणि म्हणाली की हा तुला आखूड होईल. झगा घडी करून पिशवीत घातला. मग रागावली, की पाकोळी, तू इथे काय करतेस, घरी चल, भात निवतोय.

तिने मला पाकोळी म्हटलं, तुंग. लाई-क्वान नाही. घरी येऊन फोटोपुढचा वाडगा उचलला आणि माझ्यापुढे ठेवला. पाण्यातून कशी वर आलीस ते विचारलं. मी पोहत आले म्हटलं. ते तिला पटलं.

मालिकेवाल्यांना नाही म्हणून कळवलं. त्यांना वाटलं मी जास्त मागते आहे. आता रोज संध्याकाळी वेणीत लाल दोरा बांधून मी घरातच पाकोळी असते. प्रेक्षक एकच. मधून मधून ती आपल्या मुलीची चौकशी करते. ती कामाला बाहेरगावी आहे, असं मी सांगते.

हे बरं झालं की वाईट, मला सांगता येत नाही. पण मी गरम भात खाते आहे.

लोभ आहेच, तो अंतराने पातळ होऊ देऊ नये.
तुझी ताई

---

मँचेस्टर, १४ सप्टेंबर १९८३

ती. ताईस,
शि. सा. न. वि. वि.

रॉटरडॅम रद्द. नववर्षाला घरी येतो. बिंगकाकांनी पाठीवर थाप मारली, आता ते माझ्या खोलीतही येतात. लुकमावशींनी तुझी मालिका पहिल्या कॅसेटपासून पुन्हा लावली आहे. तू परत धक्क्यावर गोळे विकतेस आणि सगळे नव्याने हसतात. पुढे काय होणार हे माहीत असून.

एकच कळव. नाव आठवत असलं तरी मी दारात उभा राहिलो की आई विचारेल कोण. पाकोळीला मालिकेत भाऊ नव्हता, मी नीट पाहिलंय. तर मी आलो की कोण व्हायचं, ते आधी लिहून पाठव. पाठ करून येईन.

उत्तराची वाट पाहतो.
तुंग