आईचा पाय आणि तुमची मंगम्मा

प्रिय अण्णा,

‘प्रिय’ लिहिताना हात जरा अडखळला, पण पत्राची सुरुवात कशाने तरी करावीच लागते. तुमचं तेरावं झालं. काल मल्लेश्वरमच्या तुमच्या नाटकवाल्यांचा फोन आला. रविवारी शोकसभा आहे, पडद्यावर तुमचा एक प्रसंग दाखवायचाय. कुठला? तोच! तुम्ही केलेली खानावळवाली मंगम्मा पाय ओढत ताटं वाढते, तो. “त्याशिवाय अण्णांची सभा कशी? अम्मांना पहिल्या रांगेत बसवतो, सरी? चालेल ना?” म्हणाले. म्हणून लिहितेय.

पोस्टमन, पुरोहित, कंजूष सावकार, बहिरे आजोबा. कानडी सिनेमात तुम्ही काय काय नाही झालात! नायक कोण होता ते लोक विसरायचे, तुमचा जरासा चमकून गेलेला हवालदार मात्र लक्षात ठेवायचे. तुम्ही खरंच मोठे नट होता. तेच तर जास्त लागतं मनाला.

पण ही सगळी माणसं तुम्ही आणायचात कुठून? घरातून. आपल्याकडे आलेला माणूस पाहुणा नसायचा, माल असायचा. शिवाजीनगरचे शिंपीकाका सुई ओवताना जीभ बाहेर काढायचे, ती तुम्ही उचललीत. मामाची शिंक उचललीत. नंतर मामा आपल्याकडे शिंक आली की उठून बाहेर जायचा, आठवतंय?

आणि मग आईचा पाय. लहानपणी ती मिरजेला चिंचेवरून पडली, हाड नीट बसलं नाही, तेव्हापासून डावा पाय ओढते. लग्न होऊन बेंगळुरूत आली तशी चारचौघांत मुद्दाम हळू चालायची, कुणाला कळू नये म्हणून. तुम्ही साडी नेसून तोच पाय पडद्यावर ओढलात आणि अख्खं थिएटर हसून लोळलं. तिला आधी विचारलं होतंत? एका शब्दाने तरी?

त्यानंतर एकदा मी तिच्याबरोबर बाजारात गेले होते. फुलवाला ओरडला, “अक्का, अगदी मंगम्मासारखं चालता की! स्वल्प परत एकदा दाखवा!” त्याला वाटलं, आईच तुमची नक्कल करतेय. पाय तिचा, दुखणं तिचं, आणि नकलाकारही तीच! आजूबाजूचे सगळे हसले. आई भाजी न घेताच परत फिरली.

घरी येऊन मी तुम्हाला हे सांगितलं. तुम्ही आरशासमोर खोट्या मिशीचा गोंद पुसत होतात. म्हणालात, “म्हणजे मला बरोब्बर जमलं म्हणायचं.”

आई पुन्हा बाजारात गेली नाही. भाजी शेजारच्या अक्का आणून द्यायच्या. लोक मला विचारायचे, “तुमच्या घरी दिवसभर हसणंच असेल, नाही?” काय सांगणार होते मी त्यांना? घरी आलात की तुमच्या तोंडातून शब्द निघायचा नाही. सगळं बाहेरच सांडून यायचात तुम्ही.

परवा मात्र एक घडलं. पाहुणे गेल्यावर आम्ही दोघी जेवायला बसलो. मी म्हटलं, “आई, ही खुर्ची रिकामी बघवत नाही गं.” आई उठली, पाय ओढत गेली आणि तुमच्या खुर्चीत बसली. खांदे पाडले. आमटीत बोट बुडवून चाटलं, एक भुवई चढवली, ताट जरा लांब सरकवलं आणि भिंतीकडे बघत गप्प बसून राहिली. अण्णा, तुम्ही! हुबेहूब तुम्ही! मी हसले, ती हसली, मग दोघींनाही रडू आलं. इतकी वर्षं ती तुम्हाला बघत होती आणि तुम्हाला पत्ताच नव्हता!

काल तो फोन ठेवल्यावर मी तिला विचारलं, “लोकांसमोर करशील?”

“न करायला काय झालं?” म्हणाली. “खुर्ची तेवढी आपली न्यायची. ह्यांना दुसरी चालायची नाही.”

तर अण्णा, वचन देते. रविवारी पडद्यावर मंगम्मा दिसणार नाही, तसं मी नाटकवाल्यांना कळवलंय. तिच्याऐवजी आई मंचावर जाईल. पायऱ्या चढताना तिचा पाय घासेल, तेव्हा मी प्रेक्षकांकडे तोंड करून उभी राहीन. बघते कोण हसतं ते! हसायचं ते ती खुर्चीत बसल्यावर. तेव्हा तुम्ही फोटोतून, हाराआडून बघा, तिला बरोब्बर जमतंय का.

उचलण्याजोगं काही सापडलं नाही म्हणून तुमच्या हातून वाचलेली, तुमची मुलगी,
वैजू