अकरावा रकाना

९ नोव्हेंबर २०२५, रविवार

पोलादपूरला जाऊन आले. तेजूच्या अक्षदाचा साखरपुडा. तेजू माझी धाकटी बहीण, तिच्या नवऱ्याचं – राजेंद्रचं – घाटाच्या तोंडाशी हॉटेल, तेव्हा जेवण तरी बरं असायला हरकत नव्हती. भात चिकट, मठ्ठा म्हणजे पाणी. फोटोग्राफर मात्र तीन!

तेजूने हिरवी पैठणी नेसली होती. तीन बाळंतपणं आणि वीस वर्षं गल्ल्यावर बसून सुटलेलं पोट, ते पदराखाली काय झाकणार? विहीणबाई तिची ओटी भरायला पुढे आल्या आणि मी म्हटलं, "साखरपुडा लेकीचा आहे की डोहाळजेवण आईचं?" हॉलभर हशा. व्याही पाणी पिता पिता ठसकले. तेजूसुद्धा हसली. असं जागच्या जागी सुचावं लागतं. आमच्या घरात ते माझ्याशिवाय कोणाला जमत नाही.

लग्न फेब्रुवारीत. तेव्हाही हाच आचारी असणार.

११ नोव्हेंबर, मंगळवार

कोर्टासमोरच्या माझ्या अर्ज लिहायच्या टेबलावर आज शेजारच्या सईदभाईंचा फुरकान. कुवेतहून सुट्टीवर आलाय, वाटेत कुठल्याशा देशात उतरून डोक्यावर केस लावून घेतले. लावणी केल्यासारखे ओळीत! आता पासपोर्टवरचा टकलू माणूस हा नव्हे म्हणून नवीन फोटोसाठी अर्ज हवा. लिहून दिला. "मॅडम, कसं दिसतंय?" म्हटलं, पाऊस पडल्यावर सांगते.

१६ नोव्हेंबर, रविवार

सकाळी मागच्या पडवीत मिश्री लावत बसले होते, तर तेजू दारात. पहिल्या एसटीने आलेली. शेजारी बसली आणि हात पुढे केला. डबीतली चिमूट दिली. माझ्या हातची भाजलेलीच लागते तिला, अगदी लहानपणापासून, दुकानातली चालत नाही. दोघी दात घासत बसलो. चूळ भरून म्हणते – "ताय, मी पोट कापून घेतेय."

मला वाटलं, गाठबिठ निघाली. तर नाही, चरबी आणि लोंबतं कातडं काढायचंय! मोबाइलवर चित्रं दाखवली, आधीची आणि नंतरची. 'आधी'ची बाई पोट सैल सोडून उभी, 'नंतर'ची श्वास ओढून. एवढं मला चष्म्याशिवाय कळतं. तेजूला कळत नाही. "लग्नात आई म्हणून मीच पुढं उभी ऱ्हाणार गो. फोटो जन्मभर ऱ्हातात."

अडीच लाख! दोन पाटल्या मोडतेय. विम्यातून यातलं काही मिळत नाही, तेवढं शहाणपण विमावाल्यांना आहे. "ह्यांना म्हायती हाय. सासूला नाय सांगायचं. पित्ताचे खडे काढले म्हणायचं." म्हणजे नटायचं चारचौघांसाठी आणि चारचौघांपासूनच लपवायचं.

हे डोक्यात भरवलं कोणी, विचारलं. खाली बघत राहिली. "कोण नाय."

२२ नोव्हेंबर, शनिवार

तेजूबरोबर जाऊन पनवेलचा तो पोटं कापणारा दवाखाना पाहिला. दवाखाना कसला, सराफाची पेढी! काचेच्या पेटीत मासे, काउंटरवर एकसारख्या नाकाच्या दोन पोरी. बाकावर एक कॉलेजची मुलगी ओठ सुजवून बसलेली आणि शेजारी तिची आई कौतुकाने बघतेय.

डॉक्टर चाळिशीचा, गुळगुळीत. तेजूच्या पोटावर पेनाने रेघा मारल्या, जमीन मोजायला आल्यासारख्या. मग धोके सांगितले, रेल्वेच्या घोषणेच्या सुरात. रक्ताची गुठळी होऊ शकते, पू होऊ शकतो, कातड्याला रक्त पोचलं नाही तर ते मरतं. "सिगारेट ओढणाऱ्यांचं मी हे ऑपरेशन करतच नाही." मी म्हटलं, डॉक्टर, आमच्याकडच्या बायका असलं काही करत नाहीत. हसला. पैसे दिसले की सगळ्यांना हसू येतं.

चार पानी फॉर्म. अर्थात मी भरला. 'शस्त्रक्रियेचे कारण' – लिहिलं, 'हौस'. काउंटरवरची पोरगी म्हणाली, "मॅडम, कॉस्मेटिक लिहा." म्हटलं, एकच. अकरावा रकाना 'धूम्रपान, तंबाखू, मद्य'. तिथे 'नाही' लिहून खाली दोन रेघा मारल्या. कळू दे, कुठल्या घरातल्या आहोत! तेजू मध्ये मध्ये तोंड घालत होती, हे लिहायचं काय, ते लिहायचं काय. म्हटलं, गप बस. पंचवीस वर्षं कोर्टासमोर अर्ज लिहितेय. चूक निघाली म्हणून परत आलेला एकही नाही.

२३ नोव्हेंबर, रविवार

कंबर धरलीये. पनवेलच्या हायवेवरच्या खड्ड्यांचं मात्र कोणी कॉस्मेटिक करत नाही.

४ डिसेंबर, गुरुवार

झालं एकदाचं. चार तास. राजेंद्र माशांच्या पेटीसमोर येरझाऱ्या घालत होता. नर्स येऊन सांगून गेली, दोन किलो निघालं. हा मान हलवतो, मटणवाल्याने वजन सांगितल्यासारखी. लग्नाला बावीस वर्षं झाली, या माणसाने बायकोला एकदा नीट सांगितलं असतं की आहेस तशी बरी आहेस, तर पाटल्या हातात राहिल्या असत्या.

बाहेर आणली तेव्हा पांढरीफटक. पोटाला जाड पट्टा, दोन्हीकडे नळ्या, नळ्यांत लाल पाणी. डोळे उघडले न उघडले तोच, "सपाट झालं काय गो?"

चार तास मी फार घाबरले होते. कोणाला सांगणार नाही, इथे लिहून ठेवते.

५ डिसेंबर, शुक्रवार

पाणी प्यायला परवानगी मिळाली आणि बाईसाहेबांनी काय मागावं? मिश्री! "तोंड कसंतरीच झालंय ताय." डबी पर्समध्ये होतीच. चूळ भरायला वाडगं धरलं, उरलेली डबी उशीखाली ठेवून दिली. अडीच लाखांचं पोट आणि तोंडात तीच चिमूट! हसले. तीही हसायला गेली आणि टाके ओढले म्हणून कळवळली.

१० डिसेंबर, बुधवार

तेजूला महाडला माझ्याकडेच आणलंय. पोलादपूरला सासू पित्ताचे खडे बघायला मागत बसली असती. कमरेत वाकून चालते. ज्यासाठी एवढं केलं ते पोट अजून कोणाला दिसलेलं नाही, तिला स्वतःलाही नाही. पट्ट्याच्या आत आहे.

सकाळी पडवीत दोघी बसलो होतो. लहानपणी अशाच बसायचो. एकाएकी म्हणते, "त्या दिशी सगळी हसली ना, तवा विहीणबाय माझ्या पोटाकडं बघत व्हती. लेक द्यायची हाय त्या घरात. मला मेल्याहून मेल्यागत झालं."

म्हणजे माझं ते डोहाळजेवणाचं वाक्य. म्हटलं, एवढ्याशा गंमतीवर कोणी पोट कापून घेतं होय? इतकं हळवं असेल त्याने घराबाहेर पडू नये. डबी पुढे केली मी, तिने चिमूट घेतली.

दुपारी टेबलावर दोन अर्जांत तारीख चुकवली. चुकत नाही कधी.

१४ डिसेंबर, रविवार

पट्टा सोडला तर वास. टाक्यांच्या वर मधोमध तळहाताएवढं कातडं काळं. तव्याच्या बुडासारखं काळं. आजूबाजूला लाल. तेजू माझ्या तोंडाकडे बघत होती. म्हटलं, काही नाही, रक्त साकळलंय. अंगात ताप.

डॉक्टरला फोटो पाठवला. "उद्या सकाळी आणा."

१५ डिसेंबर, सोमवार

पुन्हा पनवेल. दाखल केलं. डॉक्टर वाकून बराच वेळ बघत राहिला, आज गुळगुळीतपणा कमी होता. म्हणे, कातड्याला रक्त पुरलं नाही. तो भाग मेलाय. का, ते त्याला कळत नाही, साखर ठीक, सगळं ठीक. पुन्हा तेच – "सिगारेट? गुटखा? घरात कोणी ओढतं?" मी म्हटलं, डॉक्टर, फॉर्म वाचता येतो ना तुम्हाला? त्याने फाइल मिटली.

येत्या सोमवारी, बावीसला, दुसरं ऑपरेशन. मेलेलं काढायचं, मांडीचं कातडं तिथे लावायचं. तेही धरलं नाही तर? त्यावर म्हणाला, "तर मग कठीण आहे. ताप वाढू द्यायचा नाही." जिवाला धोका आहे का, असं राजेंद्रने विचारलं. डॉक्टरने सरळ नाही म्हटलं नाही.

तेजू विचारतेय, फेब्रुवारीपर्यंत उभं राहता येईल ना.

१८ डिसेंबर, गुरुवार

तक्रारअर्ज लिहून काढला. तीन पानं. ग्राहक मंचात जाईल, मेडिकल कौन्सिलला जाईल, आणि माशांच्या पेटीवर चिकटवायलाही एक प्रत ठेवणार आहे. आयुष्यात इतका चांगला अर्ज लिहिला नव्हता. मुद्दा सातवा – 'रुग्णास कोणतेही व्यसन नसताना व तसे फॉर्ममध्ये स्पष्ट नमूद असताना त्वचा मृत होणे हा केवळ निष्काळजीपणाचा परिणाम होय.' वाचून दाखवला तेव्हा राजेंद्रच्या डोळ्यांत पाणी आलं. सही केली. ऑपरेशन झालं की त्याच दिवशी दाखल करायचा.

असल्या दुकानदारांना सोडायचं नाही. बाई रडवेली झाली की हे पेन काढून रेघा मारायला तयार!

२० डिसेंबर, शनिवार

नीट लिहायला हवं.

इथली आया बयाबाई, शिवथरची. आपल्याकडची म्हणून तेजूचं जरा जास्त बघते. सकाळी तेजूचं दात घासून झालं, मी वाडगं धरून उभी. बयाबाईने उशीखालची डबी पाहिली. मला दाराशी बोलावून हळूच म्हणाली, "बाय, ती डबी लपव. सायब बघंल तर वरडंल. तंबाखूवर लय राग हाय त्याचा."

मी म्हटलं, तंबाखू कुठे? मिश्री आहे.

ती माझ्याकडे बघतच राहिली. "मंग मिश्री कशाची भाजतेस गो? हळदीची?"

म्हणाली, मागच्या साली एक बाई अशीच काळी पडली, चोरून बिडी ओढायची. रक्त जायचं थांबतं म्हणे. सांगून बादली घेऊन पुढच्या खोलीत गेली. मी उशीखालची डबी काढून पर्समध्ये टाकली.

मिश्री कशाची करतात ते मला माहीत नाही? बाजारातून पानं मी आणते, तव्यावर काळी होईपर्यंत मी भाजते, खलबत्त्यात मी कुटते. शेजारीण खोकत खोकत खिडकी लावून घेते. आणि तरीही, कोणी तंबाखू म्हटलं की मला एसटी स्टँडवर पिंका टाकणारे पुरुष दिसतात. मिश्री म्हणजे दात घासणं. आई लावायची, आजी लावायची. तेजूला मी लावायला शिकवलं, ती सहा वर्षांची होती.

ऑपरेशनच्या आधी तिची मिश्री रोज. दुसऱ्या दिवसापासून रोज, दिवसातून तीन-तीनदा. जखम भरावी म्हणून तिकडे औषधं चाललीत आणि इकडे मी वाडगं धरून उभी! डॉक्टरने दोनदा विचारलं. दोन्ही वेळा मी त्याचा अपमान केला.

डबी माझ्या पर्समध्ये आहे. तक्रारअर्जही त्याच पर्समध्ये आहे. सांगितलं तर सातवा मुद्दा गेला, आणि राजेंद्र माझं तोंड बघणार नाही. नाही सांगितलं तर परवा मांडीचं कातडं काढतील आणि तेही काळं पडेल. दुपारी डॉक्टर दोनदा समोरून गेला. मी उठले नाही. इतकी भित्री आणि इतकी नालायक बाई मी आजवर पाहिलेली नाही, आणि मी कोर्टासमोर बसते.

२१ डिसेंबर, रविवार

सकाळी डॉक्टरला सगळं सांगितलं. डबी टेबलावर ठेवली. ओरडला नाही. फाइल काढून अकरावा रकाना माझ्यासमोर धरला, खालच्या दोन रेघांसकट. उद्याचं ऑपरेशन रद्द. महिनाभर मिश्री बंद, मग बघू म्हणाला. राजेंद्रलाही सांगितलं आणि त्याच्यासमोर अर्ज फाडला. तो उठून बाहेर गेला.

तेजूजवळ बसून म्हटलं, चूक माझी आहे, मला सुचलंच नाही गं. तिने माझा हात धरला. "ऱ्हाऊ दे ताय. फारम भरताना मी इचारलं व्हतं ना, मिश्री लिवायची काय. तू म्हणालीस, गप बस."

बावीस नोव्हेंबरचं पान उघडून पाहिलं. तिने तोंड घातल्याचं लिहिलंय. काय विचारलं, ते मी लिहिलेलं नाही.